मध्ये कोण उभं राहणार

६ फेब्रुवारी, सोमवार

पहिला दिवस पाण्यात गेला. अख्खा!

मॅडिसनला जुन्या टायरच्या दुकानामागे गिल्बर्ट ओचोआचा स्टुडिओ आहे, तिथं जमलो. इतक्या वर्षांनी चौघं एका खोलीत. मिठ्या मारून झाल्या, कोण किती सुटलंय ते एकमेकांना ऐकवून झालं. मग वाद्यं लावली आणि उभे राहिलो तर काय – अर्धगोल! मागे रॉयस ड्रमवर, एका बाजूला डॉइल फिडल घेऊन, कोपऱ्यात व्हेस्टर स्टील गिटारवर वाकलेला, दुसऱ्या टोकाला मी आणि माझा बेस. आणि मधली जागा मोकळी. वेल्डन क्रेसची.

गिल्बर्टने तिथं माईक ठेवला होता. "इथं कोण?" म्हणाला. कोणी हलेना. चर्चमध्ये पुढच्या बाकावर बसायला सांगितलं की होतात तसे सगळे एकदम नम्र झाले.

"वेल्डन क्रेस आणि टोलगेट बॉइज." सव्वीस वर्षं पोस्टरवर त्याचं नाव म्हशीएवढं, आमचं मुंगीएवढं. त्या बॉइजमध्ये मी एकटी बाई, त्याचंही कधी कोणाला काही वाटलं नाही. आता म्हणे आमची स्वतःची रेकॉर्ड काढायची. टूम डॉइलची, गाणीही त्याचीच. गाणी चांगली आहेत, पण हे मी त्याला तोंडावर सांगणार नाही. आधीच डोक्यावर बसलाय.

७ फेब्रुवारी, मंगळवार

गाणं सुरू होतं. संपत नाही!

वेल्डन गाणं संपवायचं असलं की उजव्या बुटाची टाच उचलायचा. आम्ही मागून त्या टाचेकडे बघत असायचो. टाच वर – चार मात्रा – बंद. आज टाचच नाही. रॉयस डॉइलकडे बघतो, डॉइल माझ्याकडे, मी व्हेस्टरकडे, आणि व्हेस्टर जन्मात कोणाकडे बघत नाही. गाणं चाललंय आपलं, दाव्याला बांधलेल्या गाढवासारखं गोल गोल.

गिल्बर्ट काचेपलीकडून म्हणाला, "शेवटाला आवाज हळूहळू कमी करून टाकू का?"

डॉइलला आईवरून शिवी दिल्यासारखं झालं. "आम्ही गाणी संपवतो. विझवत नाही."

"मग संपव ना," मी म्हटलं.

संपलं एकदाचं. रॉयसच्या हातातली ड्रमची काडी निसटली म्हणून.

८ फेब्रुवारी, बुधवार

व्हेस्टर आज दिवसभरात एक शब्द बोलला. जेवताना. "मीठ."

९ फेब्रुवारी, गुरुवार

आज प्रश्न निघालाच. गाणार कोण?

रॉयसने हात वर केला. गायला. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार? गिल्बर्ट सभ्य माणूस, नुसता खाली बघत राहिला. डॉइलचा आवाज सिगारेटींनी कधीच खाल्लाय, त्याला स्वतःलाच खोकला आला. व्हेस्टरला विचारण्यात अर्थ नाही. मग तिघं माझ्याकडे वळले.

"नेल्डा, तूच राहिलीस."

"मी जोडसूर गाते," मी म्हटलं. खरंच आहे. सव्वीस वर्षं वेल्डन चाल गायचा आणि मी त्याच्या वर, जोडीचा सूर धरून. माझं काम तेवढंच. तो पाऊल टाकेल तिथं आपण वरून पाऊल टाकायचं. एकटी कधी गायले नाही. न्हाणीघरातसुद्धा नाही.

"अगं, आवाज आहे ना? मग झालं," डॉइल म्हणाला. जसं काही विहिरीत पाणी आहे म्हणजे घरात नळ आलाच.

नाही नाही म्हणत घरी आले आणि बघते तर गाडी लावताना मी हसत होते. खोटं कशाला लिहू, मला गायचंय. मला मध्ये उभं राहायचंय. त्रेसष्ट वर्षांच्या बाईला हे आता सुचतंय!

११ फेब्रुवारी, शनिवार

आज गायले. मध्ये उभी राहून. पहिलं कडवं गेलं, धृपद गेलं, मला वाटलं झकास. रॉयसने मागून काडी उंचावली. सगळे काचेपलीकडे ऐकायला गेलो.

गिल्बर्ट डोकं खाजवत होता. "आवाज सुंदर आहे गं. पण मूळ चाल कुठाय?"

"म्हणजे?"

"तू गायलीस तो जोडसूर. ह्याच्या खाली कोणीतरी गायला हवा ना."

परत ऐकलं. खरंच! डॉइलने बांधलेली चाल मी एका ओळीतही गायले नव्हते. सगळं तिच्या वर. भिंती नाहीत आणि छप्पर मात्र घातलंय. रॉयस इतका हसला की त्याला खुर्ची लागली. मीही हसले त्यांच्याबरोबर. गाडीत बसल्यावर हसू आलं नाही.

१२ फेब्रुवारी, रविवार

चर्चमध्ये मुद्दाम लक्ष ठेवून होते. सगळी मंडळी चाल गात होती आणि मी – वर. पाद्रीबाबांची बायको मागे वळून म्हणाली, "किती गोड वरचा सूर लागतो हो तुमचा!" दर रविवारी म्हणते. आज ते ऐकून जीव नकोसा झाला.

१३ फेब्रुवारी, सोमवार

सगळे उपाय झाले. डॉइलने माझ्या हेडफोनमध्ये चाल गुणगुणली – मी त्याच्या वर गेले. त्याने फिडलवर चाल वाजवली – मी फिडलच्या वर. रॉयस म्हणाला, आपण तिला जोडसूर शिकवू, म्हणजे ती चुकून चाल गाईल. तोही प्रयत्न केला, लाज सोडून. त्याच्याही वर गेले! गिल्बर्ट म्हणतो, असा सूर त्याने ऐकला नव्हता, कुत्र्यांनी ऐकला असेल.

डॉइल सारखा म्हणतो, "चाल सोपी आहे." सोपी आहे हे मला माहीत आहे. मी मूर्ख नाही. मला ती पाठ आहे, पियानोवर वाजवून दाखवते हवी तर. पण तोंड उघडलं की माझा गळा खाली कोणी आहे का ते शोधत बसतो.

१४ फेब्रुवारी, मंगळवार

रॉयस दुपारीच पळाला. बायकोला जेवायला न्यायचंय, गुलाब गाडीत सुकताहेत म्हणे. व्हेस्टरने मला पेट्रोलपंपावरचा बदामाच्या आकाराचा चॉकलेटचा डबा दिला. न बोलता. अर्धा त्यानेच खाल्ला.

१५ फेब्रुवारी, बुधवार

भांडण. मोठं.

जेवायला नेहमीच्या ठिकाणी गेलो होतो, गॅलेटिन रोडवर. डॉइलने तळलेल्या माशाचा तुकडा मोडता मोडता सांगितलं, इथल्याच ब्रॉडवेवरच्या एका बारमध्ये एक मुलगी गाते. केली-ॲन नाव. सव्विशीची आहे. आवाज खणखणीत, दिसायला बरी. तिला बोलावू.

मी काटा ठेवला. "आणि मग रेकॉर्डवर काय छापायचं? केली-ॲन आणि टोलगेट बॉइज?"

"छापू काहीही. नंतर बघू."

"नंतर काय बघायचंय? ती म्हशीएवढी, आपण मुंगीएवढे. अरे, मग वेल्डन काय वाईट होता? निदान त्याला टाच तरी होती."

"वेल्डनचं नाव काढू नकोस," रॉयस म्हणाला. त्याचा राग अजून ताजा आहे. सगळ्यांचाच आहे. कुकव्हिलच्या जत्रेत, दुसऱ्या गाण्यानंतर, वेल्डनने माईकवर सांगितलं – मंडळी, आज माझा शेवटचा कार्यक्रम. गिटार ठेवली आणि उतरून गेला. आम्ही ते प्रेक्षकांबरोबर ऐकलं! तिथं मक्याची कणसं खात उभ्या असलेल्या माणसाला जेवढं कळलं तेवढंच आम्हाला. त्यानंतर ना फोन, ना पत्र. मी बेस गळ्यात अडकवून पुतळ्यासारखी उभी होते. मला वाटलं माझंच काही चुकलं. किती दिवस वाटत होतं.

डॉइल म्हणाला, "मग तू गा ना! गातेस का? अडवलंय कोणी?"

माझी केळ्याची खीर तशीच राहिली.

१६ फेब्रुवारी, गुरुवार

गाडीत एकटी गायले. चाल! खरी चाल, पहिल्यापासून शेवटपर्यंत! लाल दिव्याला थांबले तिथंही गायले, शेजारच्या ट्रकवाल्याने काच खाली करून टाळ्या वाजवल्या. स्टुडिओत धावत गेले, "लावा, लावा" म्हटलं. व्हेस्टरने पहिली तार छेडली आणि मी – वर.

जित्याची खोड. डॉइल फिडल पुसत बसला. तो ओरडला असता तर बरं झालं असतं.

१७ फेब्रुवारी, शुक्रवार

केली-ॲन सोमवारी येणार. ठरलं. गिल्बर्टकडे आमचा तोच शेवटचा दिवस आहे, पुढे त्याच्याकडे दुसरे लोक. हवं तर तिच्या वर जोडसूर गा, म्हणाला डॉइल. मी बरं म्हटलं. दुसरं काय म्हणणार? वाद घालायला आधी गाता यायला हवं.

१८ फेब्रुवारी, शनिवार

राग अजून उतरलेला नाही. लिहिते तरी.

सकाळी दार उघडलं आणि व्हेस्टर आत आला, त्याच्या मागे वेल्डन क्रेस! तीच पांढरी हॅट, पँटला तीच इस्त्रीची घडी, फक्त आत माणूस निम्मा उरलेला. बायको ग्लेनिस दंड धरून होती. रॉयस उठून सरळ बाहेर गेला. डॉइल फिडलची खुंटी पिळत बसला, पिळून पिळून तार तोडली.

मीच बोलले. कोणीतरी बोलायला हवं होतं. म्हटलं, "ये. ह्या वेळेला काय सांगायला आलास? दार उघडं आहे, माईकही आहे. सांग आणि जा, सवय आहे तुला."

तो नुसता माझ्या तोंडाकडे बघत राहिला. मग ग्लेनिसकडे बघितलं. म्हातारा आता उत्तरही देत नाही! मी आणखी बरंच बोलले. कुकव्हिल काढलं. पुतळ्यासारखी उभी होते ते काढलं. शेवटी ग्लेनिसच म्हणाली, "नेल्डा, पुरे कर गं. त्याला तुझं गाणं ऐकायचंय. तेवढ्यासाठी आलाय."

माझं गाणं! म्हणजे व्हेस्टरनेच त्याला सांगितलं! ह्या व्हेस्टरला मुकाट बसता येतं, मुकाट राहता येत नाही. गिल्बर्टला काय वाटलं कोण जाणे, त्याने पहिल्या शनिवारचं ते फजितीचं गाणं लावलं. वेल्डनने हेडफोन घातले आणि बोटाने खुणावलं – वाढव. आणखी वाढव. इतकं की कानाला लावलेला आवाज मला दारापाशी ऐकू येत होता. डोळे मिटून शेवटपर्यंत ऐकलं. मग हेडफोन काढले आणि बाजारात ओरडावं तसा ओरडला, "बरोबर आहे की चाल! बिघडलंय काय ह्यात?"

काय बिघडलंय! आयुष्यभर गाणी म्हणून पैसे घेतले आणि ह्या माणसाला चाल आणि जोडसूर ह्यातला फरक कळत नाही. मी बेस पेटीत टाकला आणि घरी निघून आले. ग्लेनिस मागून हाक मारत होती. थांबले नाही.

१९ फेब्रुवारी, रविवार

चर्चला गेले नाही.

२० फेब्रुवारी, सोमवार

सकाळी व्हेस्टर दारात. पायरीवर बसला आणि बोलायला लागला. व्हेस्टर!

वेल्डनचा उजवा कान आम्ही एकत्र आलो त्याच वर्षी गेला होता. डावाही पुढे अर्धाच. कळलं असतं तर कोणी गायला बोलावलं नसतं, म्हणून त्याने व्हेस्टरकडून गप्प राहायची शपथ घेतलेली. "अख्ख्या बँडमधून त्याला फक्त तू ऐकू यायचीस. म्हणून तुला कायम डावीकडे उभं केलं. तुझा सूर धरायचा आणि त्याच्या खाली गायचा. कडव्यात भटकायचा, धृपदात तू आलीस की सुरात यायचा. त्याच्या लेखी चाल म्हणजे तूच."

"आणि कुकव्हिल?"

"त्या रात्री तूही ऐकू आली नाहीस."

दुपारी मध्ये उभी राहिले आणि माझं जे आहे तेच गायले. एकदाच. डॉइल म्हणाला, आजपासून हीच चाल, आणि त्या मुलीला येऊ नको म्हणून फोन करायला बाहेर गेला.

सव्वीस वर्षं मी त्याच्यामागे जातेय असं समजत होते. एकदा तरी सांगायचं होतंस, वेल्डन, मेल्या.