चुलीत न गेलेले बूट

प्रिय अझरभाई,

'प्रिय' लिहिताना पेन अडलं. पण लहानपणापासूनची सवय आहे, राहू दे.

मागच्या आठवड्यात तुझा कार्यक्रम आम्ही सगळ्यांनी मिळून पाहिला. गुडघ्यापायी तू गोलकीपिंग सोडलंस आणि टीव्हीवर फुटबॉलबद्दल बोलायला लागलास, तेव्हापासून तू दिसणार म्हटलं की वरवंडच्या आपल्या घरात पाय ठेवायला जागा नसते. शेजारच्या शेवंताबाई तर अगदी पुढ्यात बसतात. खेळातलं त्यांना काही कळत नाही. "आपला अझर कोटात लई शोभतुया," एवढं म्हणून त्या खूश.

कार्यक्रमात मुलाखत घेणाऱ्या बाईनं तुझ्या बालपणाविषयी विचारलं. तू मान खाली घातलीस, आवाज जड केलास आणि म्हणालास, वडलांना माझा खेळ खपत नव्हता, त्यांनी माझे पहिले बूट चुलीत घातले, रडलो म्हणून मारलं. मागं हळवं संगीत लागलं. तिनं डोळे पुसले, मग तूही पुसलेस.

अरे, कुठले बूट आणि कुठली चूल? रात्रभर जागून टेम्पोनं मार्केटला भाजी पोचवून आलेला माणूस, डोळ्याला डोळा न लावता तुला त्याच टेम्पोत बसवून दौंडच्या रेल्वे मैदानावर न्यायचा. गोलच्या मागं गोणपाट टाकून बसायचा. तुझे ओले हातमोजे टेम्पोच्या तापलेल्या बॉनेटवर वाळवायचा, उसवले की दाभणानं शिवायचा. तुझी क्लबात निवड झाली तेव्हा त्यानं आळीभर जिलबी वाटली. एवढ्या सगळ्यातलं तुला सांगण्यासारखं काहीच सापडलं नाही?

कार्यक्रम संपताच शेवंताबाईंनी विचारलं, "मेहमूदभाई, लेकराला मारलं व्हय वो तुम्ही?"

अब्बा हसले. "व्हय. लई तापट होतो मी तवा."

आपले अब्बा! तापट! दुसऱ्या दिवसापासून ते चौकात चहाला जायचे बंद झाले.

नुसता राग काढायला हे लिहीत नाही. तो फोनवरही काढला असता, पण तू उचलत नाहीस. काल तुझ्या चॅनेलवाल्यांचा फोन आला. रविवारी कॅमेरा घेऊन घरी येतायत. बाप मुलाची माफी मागतो, असं त्यांना दाखवायचंय. अब्बा हो म्हणाले. मी भांडले, तर म्हणाले, "पोरगं खोटं पडंल गं. माझं काय जातंय?" आज सकाळी मी भाकरी थापत होते, तेव्हा शेजारी येऊन बसले आणि हळूच विचारलं, "तहमीना, कशानं मारलं म्हणून सांगू? हातानं म्हटलं तर चालंल का?" भाई, मला तुझी किळस आली. रविवारच्या आत ये, कॅमेऱ्याशिवाय ये. नाही आलास, तर त्या लोकांपुढं मी बोलणार आहे, अब्बांनी माझं तोंड दाबलं तरी.

अजून तरी तुझीच,
तहमीना