वाऱ्याच्या आड आलेला निंब

८ जानेवारी
धुळ्याहून मेघना नावाची मुलगी आली होती. फवारणीचं औषध वाऱ्याने किती लांब पसरतं, याचा अभ्यास करते. मामंजींच्या तरुणपणी असेच कोणी वाऱ्याचा अभ्यास करणारे नशिराबादला आले, आमच्या मळ्यात, घरासमोरच खांब रोवला, वर फिरत्या वाट्या बसवल्या. ते लोक केव्हाच गेले. पण आधी मामंजींनी, मग ह्यांनी, वारा मोजणं सोडलं नाही. एवढी जुनी, सलग मापं तिला कुठेच मिळाली नाहीत म्हणे. हे दिवसभर हवेत. भात मागून घेतला!

११ जाने.
मेघनाचा फोन. ह्यांचं तोंड उतरलं. अलीकडे मापात वारा कमी दिसतो, तो कमी झालेलाच नाही. आपला निंब खांबाच्या आड येतोय. एकतर निंब तोडा, नाहीतर खांब हलवा. खांब हलवला तर मामंजींची मापं आणि पुढची मापं जुळणार नाहीत.
हे एवढंच म्हणाले, "मला माहीत होतं."
हा माणूस मला अंगणात कपड्यांची दोरी बांधू द्यायचा नाही. दोडक्याचा मांडव काढायला लावला होता, वारा अडतो म्हणून. आणि आमच्या नितूने शाळेतून डब्यात हे निंबाचं रोप आणून खांबाजवळ लावलं, तेव्हा म्हणाले, राहू दे पोराचं, मोठं झालं की बघू. झाड मोठं झालं. नितू कॉलेजच्या पहिल्याच वर्षी, हायवेवर...

संक्रांत
तीळगूळ दिला, घेतला. गोड कोण बोलणार. काल म्हणाले, "फारुकभाईला करवत घेऊन बोलावतो." मी म्हटलं, "आधी माझ्यावर चालवा. बापाचा खांब तेवढा तुमचा, पोराचं झाड कोणाचं?"
जास्त बोलले का? बोलले तर बोलले.

१७ जाने.
या वयात शिडी लावून स्वतः चढले. वाट्या उतरवल्या, जुन्या धोतराने पुसल्या, माळ्यावर ठेवल्या. "झालं. झाड तुटायला नको, खांब हलायला नको."
मी जिंकले म्हणायचं. शेवभाजी केली. अर्धी भाकरी खाऊन उठले.

२३ जाने.
सकाळी उठतच नाहीत. पूर्वी चहाच्या आधी खांबाशी जायचे. आता भिंतीकडे तोंड.
"उठा, ऊन आलं."
"उठून काय करू?"
नितू गेला त्याच्या दुसऱ्या दिवशीही हे वारा बघायला गेले होते. काळीज आहे की दगड, असं तेव्हा मनात आलं होतं, आणि तो राग मी इतकी वर्षं जपला. आज कळलं, तेवढ्यावरच हे उभे होते. स्वयंपाकघरात बसून खूप रडले. एक गेला. आता हेही माझ्या डोळ्यांदेखत चाललेत.

२६ जाने.
फारुकभाईला मीच फोन केला. ह्यांना सांगितलं नाही.

२७ जाने.
फारुकभाई आले. करवत खाली ठेवली, बुंध्यावरून हात फिरवला. "भाभी, झाड त् एकदम निरोगी शे. कोनी लावेल शे?"
मागून आवाज आला, "आमना नितूनी."
हे! इतक्या दिवसांनी अंथरुणातून उठून ओट्यापर्यंत आलेले. करवतीकडे बघितलं, मग माझ्याकडे. कोणी बोलावलं ते कळलं असणार. रागावले नाहीत, काही नाही.
फारुकभाईने विचारलं, "काय करानं मंग, भाऊ?"
हे म्हणाले, "ती सांगी तसं."
उभ्या जन्मात यांनी माझ्यावर काही सोपवलं नाही. सोपवलं ते हे.
मी म्हटलं, चहा घ्या आधी. आत येऊन हे लिहितेय. चहा कधीचा उकळलाय. बाहेर दोघं माझी वाट बघत बसलेत.