पडद्यावरच्या सासूचं लातूरचं घर

मी, चंद्रप्रभा शरदचंद्र बिराजदार, वय चौऱ्याहत्तर, धंदा चित्रपटांत दुय्यम भूमिका, राहणार लातूर, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत, राजीखुशीने आणि दुपारचा चहा घेऊन लिहून ठेवते. माझी बुद्धी शाबूत असल्याचा दाखला डॉ. गुरुबसप्पा यांनी दिला आहे. देताना त्यांनी माझ्या एका जुन्या संवादाची फर्माईश केली. मी तो न अडखळता म्हटला.

१. जन्म मुरुडचा. जन्मभर मी मराठी चित्रपटांत खाष्ट सासू आणि कजाग आत्या केली. नायिका कधी झाले नाही, त्याचं दुःखही नाही. नायिका रडायच्या, तोवर मी पोटभर जेवून घ्यायचे. माझे पती कै. शरदचंद्र शाळामास्तर. ते पंचा डोक्यावर घेऊन सून व्हायचे आणि माझे संवाद पाठ करून घ्यायचे. इतकी सोशीक सून मला एकाही चित्रपटात मिळाली नाही.

२. मुलगा सुदर्शन लग्नाचा झाला तेव्हा मात्र पंचाईत झाली. स्थळं यायची, मुलगा पसंत पडायचा, मग मुलीची आई मला बघायची. "ही तर तीच सासू. लेक घरात बसू द्या, पण हिच्या घरी न्हाई." अर्धापूरच्या बाजारात एका म्हातारीने मला केळी विकायलाही नकार दिला. तिथे मी हसले, घरी येऊन रडले. पोरगं माझ्यापायी बिनलग्नाचं राहतंय, असं वाटू लागलं.

३. हदगावच्या शेषेरावांनीही नकारच कळवला होता. त्यांची लेक सिंधु मध्ये पडली. म्हणाली, "बापू, ह्यांचा तो सुनेचे केस ओढायचा सीन परत बघा. एका हातानं केस धरलेत, अन् दुसरा हात पोरीच्या डोक्यामागं हाय. दाराची चौकट लागू नये म्हणून. मी ह्याच घरात जाणार." तो हात खरोखरच तिथे होता. दिग्दर्शकाला दिसला नव्हता, पेपरात लिहिणाऱ्यांना दिसला नव्हता. माझ्या कामाची एवढी पारख कोणीच केली नाही. त्या दिवशी मी गल्लीभर पेढे वाटले.

४. सबब, माझ्या स्वकष्टार्जित कमाईचं लातूरचं राहतं घर मी सून सिंधु हिला पूर्ण मालकी हक्काने देते. बँकेतली ठेव सुदर्शनला. तो मनाचा चांगला, पण कानाचा हलका. पुतण्या बजरंग त्याला घर बिल्डरला द्यायला भरीस पाडून राहिला आहे. सिंधुने बजरंगला तोंडावर सांगितलं, "आई हायत तवर इटेला हात लावायचा न्हाई." पण मी गेल्यावर तिचं कोण ऐकणार? म्हणून हे कलम. सुदर्शनने घरात राहावं, सिंधुच्या मर्जीने राहावं. तिला हे आताच सांगू नये, ती नको म्हणेल.

५. बजरंग अंगण मोजायला आला तेव्हा टेप विसरून गेला. ती त्याला परत द्यावी. मी त्याच्याशी गोड बोलते, तो अभिनय आहे.

६. माझी नऊवारी लुगडी नात अक्षराला. तिला नाटकाचा नाद आहे. कोणी सासूचं काम दिलं तर रुसू नये, नायिका दोन वर्षांत बदलतात. माझा रडण्याचा एकुलता एक प्रसंग कापणाऱ्या दिग्दर्शकाला मी माफ केलं आहे, पण फार नाही.

७. सुनेने दबाव टाकून हे लिहून घेतलं, असं कोणी कोर्टात म्हटलंच, तर न्यायाधीश साहेबांनी माझा कुठलाही चित्रपट लावून बघावा. माझ्यावर दबाव टाकेल अशी सून अजून एकाही लेखकाला सुचलेली नाही.

८. पडद्यावर मी कितीतरी सुना भर पावसात उंबऱ्याबाहेर काढल्या. या घराच्या उंबऱ्याबाहेर सिंधुला काढण्याचा अधिकार कोणालाही नाही, माझ्या पोटच्या मुलालाही नाही.

वाचून पाहिलं, पटलं, सही केली.

(सही) चंद्रप्रभा शरदचंद्र बिराजदार

आमच्यादेखत सही झाली, साक्षीदार:
१. डॉ. गुरुबसप्पा हत्ते
२. वैजनाथ सोनटक्के, शेजारी

मसुदा करणार: ॲड. तनुजा पाटोदेकर
लातूर, दि. २१ जानेवारी २०२५