कोपरा मोडलेली पापडी

प्लॉत्स्क, १२ डिसेंबर १९१२

चि. तेओफिल यास,
सालोमेयाचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

सोबत नाताळची पापडी पाठवते आहे. रीतीप्रमाणे एक कोपरा मोडून मी खाल्ला, उरलेली तू खा. अवचित येणाऱ्या पाहुण्याची रिकामी थाळी यंदाही तुझ्याच नावाने मांडू, की येतोस? तीन वर्षं झाली. शेजारच्या कुनेगुंदाबाई म्हणतात, तुमचा भाऊ आता सिनेमात नुसतं माशासारखं तोंड हलवतो म्हणे. मी म्हटलं, मला बहिरीला सगळी नाटकं तशीच. लहानपणी तू पाठांतर म्हणून दाखवायचास आणि मी ओठ बघून चुका काढायचे, आठवतं? खोकल्याचं खरं काय ते लिही.

मायेत अंतर पडू देऊ नकोस.
तुझी ताई

वॉर्सा, ९ जानेवारी १९१३

ती. सालकाताईस,
तेओफिलचा शि. सा. न. वि. वि.

येता आलं नाही, रागावू नकोस. संध्याकाळी नाटक, दिवसा काचेच्या छपराखाली सिनेमा. दिव्यांनी डोळे चुरचुरतात, बाकी प्रकृती उत्तम. खोकला कधीच गेला. सिनेमात शब्द लागत नाहीत. दिग्दर्शक सांगतात, ओठ हलवा, काहीही बोला. माझी पडद्यावरची बायको डोळ्यांत पाणी आणून मला कोबीचे भाव सांगते! परवा नाताळचा प्रसंग होता. सामानवाल्याने पुठ्ठ्याची पापडी आणली, म्हणून मी खिशातून तुझी काढली. एकट्याने खाववली नव्हती.

ईस्टरला नक्की येतो. तोवर लोभ आहे तसाच राहू दे.
तुझा तेओश

प्लॉत्स्क, ७ एप्रिल १९१३

चि. तेओश यास,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

ईस्टर होऊन गेला. तू आला नाहीस, तुझा सिनेमा आला. काल दुपारी कुनेगुंदाबाईंबरोबर पहिल्या रांगेत बसले. किती वाळलास रे! पापडीचा मोडका कोपरा मी लगेच ओळखला. मग पडद्यावर संवादाची पाटी आली: 'प्रिये, आता आपण कधीच दूर होणार नाही.' बाईंनी माझाच रुमाल ओला केला. पण तू ते बोललाच नव्हतास. मी पुन्हा तिकीट काढून पुढचा खेळ पाहिला. पापडी मोडताना तुझे ओठ म्हणतात, ताई, खोकताना रक्त पडतंय. मी फार थकलोय. मला घरी यायचंय.

कोणाला कळणार, असं वाटलं होतं तुला? की मी बघेन हे माहीत होतं?

गुरुवारच्या बोटीने निघते आहे. बोटीत मला मळमळतं, गुडघेही आता साथ देत नाहीत, तरी येते. तुला घेऊनच परतेन. जमलं तर धक्क्यावर ये, नाहीतर खोलीवरच पडून राहा. या पत्राला उत्तर नको. लिहिताना तू खोटं बोलतोस. माझ्यासमोर बस आणि बोल. मी बघते.

तुझी ताई
सालोमेया