कुठे लागलं, कसं लागलं

अक्का, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की तुमचा आवाज आठवायला मला आता थोडं थांबावं लागतं. ओरडणं मात्र लगेच आठवतं. धुळ्याच्या दवाखान्यात, जिन्याखालच्या त्या रेकॉर्ड रूममध्ये मी नवीन लागले होते. डॉक्टरांनी केसपेपरवर जो आजार लिहिलेला असेल, त्याचा नंबर जाड पुस्तकातून शोधून लिहायचा, एवढंच आपलं काम. नुसतंच ‘मार लागला’ असं लिहून आलं, कुठे आणि कसा ते नसलं, की नंबर ठरलेला होता, नऊशे एकोणसाठ. मला तो पाठ झाला होता. एकदा मी भराभर तोच लिहीत सुटले तेव्हा तुम्ही माझ्या हातातलं पेन काढून घेतलंत. “पुस्तकात बाकीची पानं कशाला छापलीत मग? वर जा. विचारून ये.” सगळ्यांसमोर बोललात म्हणून मी रडले होते.

त्या मुलीचा कागद आला तेव्हा मात्र तुम्ही मला पाठवलं नाहीत, स्वतः उठलात. त्याच वर्षात ती तिसऱ्यांदा भरती झाली होती आणि तिन्ही कागदांवर तेच ‘मार लागला’ होतं. मी तुमच्या मागे जिना चढतेय. बायकांच्या वॉर्डात ती भिंतीकडे तोंड करून पडलीय, एक डोळा सुजून बंद झालाय. कॉटशेजारी सासू, तिच्या मांडीवर मुलीचं दीड-दोन वर्षांचं पोर. आपण विचारायच्या आधीच सासू म्हणाली, “पायरीवरथून पडनी.” तुम्ही तिला चहाला पाठवलंत. ती पोराला घेऊनच गेली. मग तुम्ही कॉटवर बसलात आणि विचारलंत, “कोणी मारलं गं?” ती भिंतीकडे बघतच म्हणाली, “अक्का, तुम्ही लिखशात, पन माले जानं तठेच शे ना?”

तुम्ही उठलात. डॉक्टरांकडे गेलात तर ते म्हणाले, “मारहाण लिहिली की पोलीस येणार. तिनं तोंडानं सांगू दे, मी लगेच लिहितो.” ती सांगेना. कागदावर शेवटी नऊशे एकोणसाठच पडला, आणि तो तुमच्या हातानं पडला.

रविवारी तुम्ही मला घेऊन अमळनेरच्या एसटीत बसलात. तिचं माहेर तिथून आत, एका खेड्यात. बापानं पाणी दिलं, खाट टाकली, सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, “आते ती त्यासना घरनी शे.” आपण उठलो. फाट्यापर्यंत चालत आलो. तेवढ्यात मागून तिची आई येताना दिसली. हाताला पीठ तसंच. “मी येस तुमना संगे,” एवढंच म्हणाली. घरी काय सांगून आली, ते आपण विचारलं नाही.

तिला दवाखान्यातून सुट्टी मिळाली त्या दिवशी कॉटच्या एका बाजूला आई उभी आणि दुसऱ्या बाजूला नवरा, सासू. सासूनं पोर छातीशी घट्ट धरलं. “तुले जानं व्हई तर जाय. पोऱ्या आमना शे.” वॉर्डातल्या सगळ्या बायका बघत होत्या. ती मुलगी पोराकडे बघत राहिली, मग तिनं तुमच्याकडे बघितलं. तुम्ही मान खाली घातलीत. आणि ती आईचा पदर धरून चालायला लागली. पोराचं रडणं खाली आपल्या खोलीपर्यंत येत होतं.

नंतर तुम्ही डबा उघडलात आणि न जेवताच बंद केलात. “तिला बाहेर काढलं आणि लेकरू आत ठेवून आले मी,” म्हणालात. पुढच्या उन्हाळ्यात काविळीनं गेलात. शेवटच्या दिवसांतही तुम्ही मला तिच्याबद्दलच विचारत होतात आणि मला काहीच माहीत नव्हतं.

मग माझी जळगावला बदली झाली. कितीतरी वर्षांनी एकदा अमळनेरच्या स्टँडवर एका बाईनं माझा हात धरला. तो डोळा अजून अर्धाच उघडत होता. ती तिथेच एका शाळेत स्वयंपाकाला होती. आई गेली, म्हणाली. पोराला लांबून बघून आली होती. “वळखत नही माले.” हे सांगताना रडली नाही. मग तुमचं विचारलं. “त्या अक्का बऱ्या शेतस ना?”

मी म्हणाले, “आहेत.”

“त्यासले सांगज्यात, मी शे.”

तो निरोप माझ्याकडेच राहिला होता, म्हणून हे लिहिलं. पाठवायला पत्ता नाही, हे लिहायला बसतानाच माहीत होतं. आणि एक सांगते. तुम्ही बऱ्या आहात असं तिला म्हणताना, बस येईपर्यंत, मलाही ते खरं वाटलं होतं.