पहिल्या मात्रेवर कोणीच नाही

तीर्थस्वरूप ताईस साष्टांग नमस्कार.

तुझा गुडघा आता जिना चढू देत असेल, अशी आशा करतो. आमच्या मेहुण्यांनी (हिच्या भावाने) फोनवर तुला ऐकवलेली हकीकत प्रथम दुरुस्त करणे भाग आहे. मी ड्रमवाल्याला काठीने मारलेले नाही. काठी माझ्या हातून सुटली व त्याच्या कपाळापर्यंत गेली. मारण्यामागे हेतू असावा लागतो. येथे केवळ घाम होता.

मूळ प्रसंग असा. नातीच्या लॅटिन जॅझ वाद्यवृंदात 'क्लावे' नावाच्या दोन आखूड काठ्या वाजवणाऱ्याचे मनगट मोडले. आधी दोन ठोके, मग तीन, एवढेच काम. मात्र बाकीचे कितीही भरकटले तरी या माणसाने तसूभरही हलायचे नसते. नात म्हणाली, "आजोबा, तुमच्याइतका हेकट माणूस शोधूनही सापडला नाही." (ज्या गुणापायी या घरात माझ्याशी कोणी धड बोलत नाही, त्याला जगात कोठे मागणी असेल, याची मला कल्पना नव्हती. मी तत्काळ होकार दिला.)

खरा धक्का तालमीत बसला. ताई, आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर कोणीच नसते. बास गिटारवाला तिच्या आधी येतो, नंतर येतो, नेमका तेथे गैरहजर. मला वाटले, पोराची नजरचूक. जन्मभर छापखान्यात मुद्रिते तपासली. गळलेले दिसले की भरायचे, ही हाताची सवय. मी सौजन्याने तेथे एक ठोका घातला. अंधारात पायरी चुकावी तसा अख्खा वाद्यवृंद कोसळला. ड्रमवाला म्हणाला, "काका, ती जागा मोकळीच ठेवायची. तिथे नाचणारा पाय टाकतो." इतकी शुद्ध व्यवस्था, आणि मीच तिच्यात चूक घातली, हे उमगताच काठी सुटली.

पुन्हा जादा ठोका पडला, तर माझ्या जागी यंत्र बसवणार आहेत. हे नातीने माझ्याकडे न पाहता सांगितले.

तुझा धाकटा भाऊ

ता. क. काठ्या आता सुतळीने मनगटाला बांधतो.

ता. क. दुसरा. मेहुण्यांनी दिलेल्या तारखा अशा वाचाव्यात:
तालमीस आरंभ: तीन नव्हे, पाच.
काठीची घटना: बारा नव्हे, अकरा. (बाराला ड्रमवाला आमच्याकडे चहाला होता. टेंगूळ उतरत आले होते.)
कार्यक्रम: वीस नव्हे, एकोणीस. ही चूक त्यांची नव्हे. तू वेळेवर पोचू नयेस म्हणून मीच त्यांना वीस सांगायला लावले. लहानपणी पाढे म्हणताना तू मान डोलवायचीस आणि मी पाढा सोडून तुझ्या मानेच्या तालामागे जायचो. जन्मात मी हललो तो तेवढाच. तरी एकोणीसला ये. पहिल्या रांगेत बस. मान मात्र हलवू नकोस.