दाराबाहेरचा होकार

प्रिय आबा,

‘खुर्चीवर काय, कोणबी बसतंय. उठायला ताकद लागती, क्रांते.’ मी सहावीत असताना तुम्ही हे म्हणाला होता. संध्याकाळचं दूध घालायला आपण सायकलवरून डेअरीत निघालो होतो, मी पुढच्या दांडीवर, किटली हँडलला. जॉर्ज वॉशिंग्टनची गोष्ट चालली होती. दोनदा राष्ट्राध्यक्ष झालेला आणि लोक अजून बसा म्हणत असताना उठून आपल्या शेतावर निघून गेलेला माणूस. मला त्यात गोष्ट अशी काही दिसली नव्हती. मी विचारलं, मग पुढं काय केलं त्यानं? तुम्ही म्हणाला, ‘शेती केली की. आनि काय करनार?’

ते जाड इंग्रजी पुस्तक तुम्हाला कोल्हापुरात रद्दीच्या दुकानात सापडलं होतं. अमेरिकेच्या अध्यक्षांची चरित्रं. हायस्कुलात इतिहास शिकवणारा मास्तर डेअरीच्या वाटेवर पोरीला हे कशाला सांगतो, असं आईला वाटायचं. ‘तिकडच्या पावण्यांचं तुमास्नी काय पडलंय? इथल्या म्हशीचं बघा,’ ती म्हणायची. लिंकन तरुणपणी कुस्ती खेळायचा हे वाचल्यावर तुम्ही त्याला घरातलाच करून टाकलात. ‘आपल्यातलाच गडी हाय, उंची तेवढी जास्त.’ पुढं किती वर्षं मला लिंकन म्हटलं की लंगोट लावून लाल मातीत उभा असलेला माणूसच दिसायचा.

विल्सनची गोष्ट मात्र तुम्ही हसत सांगायचा. पक्षाघात झाला, डावं अंग गेलं, तरी अध्यक्षपद सोडलं नाही. त्याची बायको, एडिथ, दाराशी. मंत्र्यांचे कागद तिच्या हातून आत जायचे आणि बाहेर येऊन ती सांगायची, अध्यक्ष असं म्हणतात. दोन सिनेटर खरं-खोटं बघायला आले, तेव्हा निकामी हात पांघरुणाखाली झाकून ठेवला होता. ‘म्हंजे बाईनंच अमेरिका हाकली म्हन की!’ असं म्हणून तुम्ही मांडीवर थाप मारायचा. त्यावर आई एकदा भाकरी थापताना म्हणाली, ‘हाकली तर काय बिघडलं? बुडाली का?’ 

आता मी रोज तुमचा उजवा हात चादरीखाली सारते, आबा. डेअरीची डायरेक्टर मंडळी यायच्या आधी खिडकीचा पडदा अर्धा ओढते. ती दारातूनच नमस्कार करून जातात. ‘सर झोपल्यात व्हय? असू दे, असू दे.’ पक्षाघाताच्या पहिल्या झटक्यानंतर दवाखान्यात तुम्हाला थोडं बोलता येत होतं. तेव्हा तुम्ही माझं मनगट धरून म्हणालात, ‘कुनाला कळू देऊ नगंस. हंबीरराव खुर्चीवर टपून बसलाय.’ मी हो म्हटलं. नाही कसं म्हणणार होते? ही दूध संस्था तुम्ही दारोदार फिरून उभी केलीत आणि तेव्हापासून चेअरमन तुम्हीच. मला वाटलं, दोन महिन्यांत उठून बसाल. मी कोल्हापूरचं बिऱ्हाड तात्पुरतं बंद करून आले. मग दुसरा झटका आला आणि शब्द गेले.

डोळे मिटले म्हणजे हो, उघडे ठेवले म्हणजे नाही, हे मीच ठरवलं. तुम्हाला ते मान्य होतं का, हे विचारायलाही दुसरा रस्ता नव्हता. सेक्रेटरी आकाराम सकाळचं दूध संकलन आटपून येतो, चौकटीबाहेर उभा राहतो. मी आत येऊन तुम्हाला विचारते, तुमचे डोळे बघते, बाहेर जाऊन सांगते. पेंडीची गाडी मागवायची का? आबा हो म्हणालेत. बोनस दिवाळीआधी द्यायचा का? आबा हो म्हणालेत. खोटं कशाला बोलू, मला ते आवडायला लागलं होतं. गावातले बाप्ये माझ्यासमोर टोपी सारखी करून उभे राहत होते. आपली ताई सरांसारखीच आहे, असं कोणीतरी म्हणालं, तेव्हा मी स्वयंपाकघरात जाऊन एकटीच हसले होते.

मग चिमणाबाईचं आलं. तिच्या दुधाची फॅट सारखी कमी लागतेय, पाणी घालते, असं आकारामचं म्हणणं. तिचं दूध घेणं बंद करू का, त्यानं विचारलं. मी आत आले, तुम्हाला विचारलं, तुम्ही डोळे मिटलेत. मी बाहेर जाऊन सांगितलं, आबा हो म्हणालेत.

चिमणाबाई त्याच संध्याकाळी आली. पायरीवर बसली, आत काही आली नाही. म्हणाली, ‘सर असं म्हननार न्हाईत. माझं लगीन लावून दिलंय त्येनी. फॅटचं मशीन बिघडलंय तुमचं. मला एकदा त्येंच्या तोंडानं ऐकू द्या, मग जाती मी गुमान.’ मी म्हटलं, ते झोपलेत. तुम्ही जागे होता. तिचा आवाज आत येत होता आणि तुम्ही छताकडे बघत होता. पंधरवड्यात तिनं म्हैस वडगावच्या बाजारात विकली. जाताना म्हैस आपल्या दारावरूनच नेली, मान वळवून बघितलंसुद्धा नाही.

त्यानंतर एका दुपारी मी तुमच्याजवळ बसले आणि विचारत गेले. दुखतंय का? डोळे मिटलेत. दुखत नाही ना? मिटलेत. आई आहे का घरात? आईला जाऊन किती वर्षं झाली, तरी मिटलेत. मी कोण, चिमणाबाई का? त्यालाही मिटलेत. मग मी विचारायचं थांबवलं. तुम्ही दमला होता, रागावला होता, की कधीपासूनच हो-नाही असं काही उरलं नव्हतं, मला सांगता येत नाही. डॉक्टरही नीट सांगत नाहीत. इतके दिवस मी कुणाचा होकार बाहेर पोचवत होते?

मशीन खरंच बिघडलंय का, तेही मला ठाऊक नाही. आकाराम म्हणतो, चांगलं आहे. तुम्ही असता तर डेअरीत जाऊन बोट बुडवून दूध चाखलं असतं आणि आकारामला दोन शिव्या हासडल्या असत्या. मी बोट बुडवलं तर मला दूधच लागतं. आणि उद्या सकाळी तो आणखी तिघांचं दूध बंद करायचं का, हे विचारायला येणार आहे. बयाबाई त्यात आहे. तिघांच्याही घरी दुधाशिवाय दुसरं काही नाही. हो म्हटलं तर माझ्या तोंडून, नाही म्हटलं तरी माझ्याच तोंडून, आणि नाव तुमचं.

समोर बसून हे बोलायला गेले की तुम्ही भिंतीकडे तोंड करता. म्हणून लिहिते आहे. डाव्या हातात पेपर धरता, पान उलटता. त्यातलं किती वाचता, देवाला ठाऊक. पेपराच्या घडीत हे ठेवते. वाचून झालेलं दिसलं नाही, तर आकाराम यायच्या आधी मीच वाचून दाखवीन.

शेवटच्या कागदावर चेअरमनपदाचा दोन ओळींचा राजीनामा आहे. त्यावर अंगठा द्या, आबा. अख्ख्या गल्लीला सही शिकवलेल्या माणसाकडे मी अंगठा मागते आहे, मला कळतंय. तुम्ही झोपलेले असताना तो धरून टेकवणं अवघड नव्हतं; शाईची डबी आणून ठेवलीये. पण तेवढं एक मी तुमच्या नावानं करणार नाही. तुम्ही डावी मूठ घट्ट आवळून घ्याल, मला माहीत आहे. तरी उद्या मी तुमच्यापुढं शाईची डबी धरणार आहे. मूठ उघडा.

तुमचीच,
क्रांती